गहाण सोडवण्याचा हक्क परत हवा

कर्ज फेडले की गहाण सुटते, एवढे गणित खेड्यातल्या निरक्षर माणसासही ठाऊक असते. 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने तेच तत्त्व मान्य केले होते. कर्जदार मुद्दल व व्याज घेऊन दाराशी आला, तर धनकोने गहाण वस्तू परत केलीच पाहिजे. आज बँकांच्या लिलावात नेमके हेच तत्त्व मोडीत निघाले आहे, आणि आपल्या चळवळीने त्याची पुरेशी दखल घेतलेली नाही.

2002 च्या सरफेसी कायद्याने बँकांना न्यायालयाची पायरी न चढता तारण मालमत्ता ताब्यात घेऊन विकण्याचा अधिकार दिला. आधी 60 दिवसांची मागणी नोटीस, मग ताबा, मग लिलावाची जाहिरात, असा त्याचा क्रम आहे. विक्री पुरी होईपर्यंत कर्जदार पैसे भरून आपली वस्तू सोडवू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने 2014 साली स्पष्ट केले होते. परंतु 2016 साली संसदेने कायदा बदलला. लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होण्यापूर्वी पैसे भरले तर भरले; त्यानंतर हक्क उरत नाही.

याचा अर्थ 2023 साली उघड झाला. नवी मुंबईतील बाफना मोटर्सच्या तारण भूखंडास लिलावात 105 कोटींची बोली आली. लिलावानंतर कर्जदाराने 129 कोटी भरण्याची तयारी दाखवली, बँकही राजी झाली आणि मुंबई उच्च न्यायालयाने परवानगी दिली. सर्वोच्च न्यायालयाने मात्र हा निर्णय रद्द ठरवला. जाहिरात निघताच हक्क संपला होता. लिलावाचे पावित्र्य राखले नाही तर बोली लावणारा विश्वास कशावर ठेवील, असा त्या निकालाचा रोख होता.

ही लढाई कोट्यधीशांची होती. तिच्यातून निघालेला नियम मात्र सर्वांना सारखा लागू आहे. गांधी सेवा संघाचे अधिवेशन 1936 साली ज्या सावलीत भरले, तेथील एखाद्या छोट्या धानगिरणीवाल्याचा विचार करा. सरफेसी कायद्यातून शेतजमीन वगळलेली आहे. त्यामुळे धानाची बांधी वाचते. पण गिरणी, दुकान आणि राहते घर यांना ते संरक्षण नाही. धान विकून पैसा हाती येईतो जाहिरात निघालेली असेल, तर त्या पैशाने त्याचे घर सुटेलच असे नाही. दाद मागायची तर दिवाणी न्यायालयाचे दार बंद. 45 दिवसांच्या आत दीडशे किलोमीटरहून दूर नागपूरच्या ऋणवसुली न्यायाधिकरणापुढे उभे राहावे लागते. तेथे हरला तर अपिलासाठी देण्याच्या निम्मी, किंवा सवलत मिळाली तरी निदान चौथा हिस्सा रक्कम आधी भरावी लागते. ज्याच्यापाशी एवढी रक्कम असती त्याचे घर लिलावात कशाला निघाले असते? गोव्याचे ब्लू कोस्ट हॉटेल 2015 साली 515 कोटींना विकले गेले. त्याचे मालक अखेर हरले, पण त्यांना 2018 पर्यंत सर्वोच्च न्यायालयात झुंजता तरी आले.

लिलावाचे पावित्र्य राखूनही कर्जदारास वाचवता येते, हे आपल्याच राज्याच्या सहकार कायद्याने दाखवले आहे. 1961 च्या सहकारी संस्था नियमांतील नियम 107 नुसार विक्री झाल्यावरही 30 दिवसांत थकबाकी, व्याज व खर्च भरला आणि खरेदीदारास त्याच्या रकमेवर 5 टक्के भरपाई दिली, तर विक्री रद्द होते. सहकारी लिलाव निर्दोष आहेत असे नव्हे. तेथे शेतजमीनही सुटत नाही. 2022-23 मध्ये नाशिक जिल्हा बँकेने शेतकऱ्यांच्या जमिनी लिलावास काढल्या, तेव्हा शेतकरी संघटनांना रस्त्यावर उतरावे लागले. परंतु शेवटच्या क्षणी घर वाचवण्याची जी फट त्या जुन्या नियमात आहे, ती नव्या कायद्यात बुजवली गेली, हे विसरता येणार नाही.

1969 साली बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले, तेव्हा सावकाराच्या पाशातून कष्टकऱ्याची सुटका होईल, अशी आपली आशा होती. पैसे हातात घेऊन आलेल्या माणसाला परत पाठवण्याचा अधिकार जो कायदा देतो, तो सावकाराच्याही पुढे गेला आहे.

म्हणून आपली मागणी स्पष्ट असावी. राहते घर आणि छोटा व्यवसाय यांच्या बाबतीत लिलावानंतर 30 दिवसांपर्यंत गहाण सोडवण्याचा हक्क द्या. खरेदीदारास 5 टक्के भरपाई द्या. आणि न्यायाधिकरणाचे फिरते कामकाज चंद्रपूर व गडचिरोलीस चालवा.

मागणी मान्य होईपर्यंत कार्यकर्त्यांनी हात बांधून बसू नये. मागणी नोटिशीचे 60 दिवस हाच आज खरा अवधी आहे. त्यात लेखी हरकत घेतल्यास बँकेला 15 दिवसांत उत्तर द्यावे लागते. आदिवासीची जमीन तर जमीन महसूल संहितेच्या कलम 36-अ प्रमाणे पूर्वपरवानगीवाचून लिलावातही बिगर आदिवासीच्या नावे होऊ शकत नाही. वृत्तपत्रातली लिलावाची जाहिरात वाचून हळहळण्यापेक्षा, गावात पहिली नोटीस येईल त्या दिवशी त्या घरी जाऊन ती वाचून दाखवणे, हे आजचे पक्षकार्य आहे.