वय वर्षे २५ की २७?
पंचांग रचण्याची हौस काही ज्योतिषांपुरतीच नसते. ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ या खेळातल्या विश्वांचंच बघा ना, जितकी विश्वं तितक्या कालगणना. एड ग्रीनवुडच्या ‘फरगॉटन रेल्म्स’मध्ये ३० दिवसांचे १२ महिने आणि सात दिवसांऐवजी दहा दिवसांचा आठवडा. उरलेले पाच दिवस सणांचे. ते कुठल्याच महिन्यात मोडत नाहीत, दोन महिन्यांच्या मधल्या फटीत येतात. दर चार वर्षांनी ऐन उन्हाळ्यातल्या सणाला जोडून आणखी एक दिवस, ‘शिल्डमीट’. (दहा दिवसांच्या आठवड्यात रविवार कधी, हे तिथल्या मजुरांनी विचारलं कसं नाही कोण जाणे!) वर्षांना नुसते आकडे नाहीत, नावंही आहेत: १३५८ हे ‘सावल्यांचं वर्ष’. आपल्या संवत्सरांची ६० नावं फिरून फिरून येतात. तिथे द्रष्ट्यांनी पुढच्या शतकांचीही नावं आधीच लिहून ठेवलेली, म्हणजे नावातच भविष्य. खेळ चालवणाऱ्याला आयतं कथाबीज देणारी ही युक्ती मला सगळ्यांत आवडते. पंचाईत होते ती विश्व ओलांडताना. ‘ग्रेहॉक’चं वर्ष ३६४ दिवसांचं, तर ‘एबेरॉन’चं जेमतेम ३३६. दिवस सगळीकडे सारखाच धरला, तरी फरगॉटन रेल्म्समधला पंचविशीचा योद्धा एबेरॉनमध्ये पाऊल ठेवताच सत्तावीस ओलांडून बसतो. मग त्याचा वाढदिवस कधी, ते खेळायला बसलेल्यांनीच भांडून ठरवायचं.