डोळेही फितूर होतात

'मी माझ्या डोळ्यांनी बघितलं' म्हटलं की आपल्याकडं वाद मिटतो. मी म्हणतो, खरा वाद तिथंच सुरू झाला पाहिजे. डोळे-कान फितूर होतात. ज्याच्या हातात चित्र आणि आवाज आहे, तो त्यांना फितवतो.

१९७६ साली मॅक्गर्क आणि मॅकडोनाल्ड या दोन मानसशास्त्रज्ञांनी लोकांना एक फिल्म दाखवली. पडद्यावरच्या बाईचं तोंड 'गा' म्हणतंय, वर आवाज चिकटवलाय 'बा'चा. बहुतेक मोठ्या माणसांना ऐकू आलं 'दा'. जे कुणी बोललंच नव्हतं ते! डोळे मिटले की पुन्हा 'बा'. आणि ही चलाखी कळल्यावरही 'दा' काही जात नाही.

म्हणजे नुसत्या शहाणपणानं भागत नाही, मोजावं लागतं. पौर्णिमेला दिवेलागणीला आमच्या गोदीसमोर पाण्यावर चंद्र उगवतो तो परातीएवढा. मध्यरात्री डोक्यावर येतो तेव्हा वाटीएवढा. हात लांब करून करंगळीचं नख आडवं धरा. दोन्ही वेळा तेवढ्यानंच झाकतो.

आता चंद्र सोडा, माणसांकडं या. फेब्रुवारी २०१६ मध्ये जेएनयूतल्या घोषणांच्या फिल्मा देशभर फिरल्या. विद्यार्थी संघटनेचा अध्यक्ष तुरुंगात गेला. मार्चमध्ये अहवाल आला : दिल्ली सरकारनं तपासायला दिलेल्या सातपैकी दोन फितींत फेरफार. पण तोवर लोकांनी 'डोळ्यांनी बघितलं' होतं ना!

त्याच साली जुलैत ऊना. चामडं सोलणाऱ्या आपल्या पोरांना मारणाऱ्यांनीच काढलेली ती फिल्म. ती शंभर टक्के खरी होती.

म्हणून सगळंच खोटं म्हणून हात झटकू नका. तेही त्यांच्याच फायद्याचं. उद्या आपल्यावरच्या अत्याचाराची फिल्म निघाली की तेच म्हणतील, बनावट आहे. मूळ फीत जपा, तारीख-जागा लिहून ठेवा, साक्षीदार गाठा.

आणि बाबासाहेबांच्या विटंबनेचं चित्र मोबाईलवर आलं तर? रक्त उसळणारच. पण दगड उचलायच्या आधी विचारा : कुणी काढलं? कुठं, कधी? कापलं काय, जोडलं काय? आज यंत्र तोंडही बनवतं, आवाजही. बनवणारा घरी पंख्याखाली बसतो, केस आपल्या पोरावर लागते.

बुद्धानं कालामांना सांगितलं, ऐकलं म्हणून मानू नका, ग्रंथात आहे म्हणून मानू नका. त्याला आपण एक जोडू : दिसलं म्हणूनही नाही. तपासा. मग मात्र मागं हटू नका.