मागची तारीख

प्राचीन ग्रंथ हल्ली फार स्वस्त झाले आहेत. पूर्वी हस्तलिखित शोधायला मठ, वाडे, माळे धुंडाळावे लागत. आता मोबाईल उघडला की सकाळी सकाळी एक नवा प्राचीन ग्रंथ येऊन पडलेला असतो.

ताजा ग्रंथ काळाविषयी आहे. पाच हजार वर्षांपूर्वी कोणा ऋषींनी म्हणे भूतकाळात जाण्याची विद्या सांगितली, आणि ती कोणी, कधी, कशासाठी वापरावी याचे नीतिनियमही घालून दिले. झालेली गोष्ट बदलणे हे महापाप, असा त्यातला मुख्य नियम. खाली दोन श्लोक आणि "अभिमान वाटत असेल तर पुढे पाठवा" अशी आज्ञा. आमच्या घरच्या ग्रुपवर त्याला सतरा जणांनी हात जोडले.

मी चार प्रश्न विचारले. हस्तलिखित कुठे आहे? कोणत्या लिपीत? संपादन कोणी केले? श्लोक कोणत्या अध्यायातले? उत्तर एकच आले, "काका, तुम्हाला आपल्या संस्कृतीचा अभिमान नाही का?"

अभिमान आहे, म्हणून तर विचारतो!

हा प्रकार नवा नाही. 'वैमानिक शास्त्र' भरद्वाज ऋषींच्या नावावर खपवले जाते. प्रत्यक्षात ते सुब्बराय शास्त्री यांनी १९१८ ते १९२३ या काळात सांगितले आणि दुसऱ्याने उतरवून घेतले. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी १९७४ साली ते तपासले. भाषा अर्वाचीन, ग्रंथ १९०४ च्या आधीचा असणे शक्य नाही आणि त्यातली विमाने उडणारी नाहीत, असा त्यांचा निष्कर्ष. तरीही २०१५ साली मुंबईच्या विज्ञान परिषदेत प्राचीन विमानविद्येवर निबंध वाचला गेलाच. हे अभ्यासक परके नव्हते, आपलेच होते. पण खोट्याच्या पायात चपला असतात आणि खऱ्याला अनवाणी चालावे लागते.

आता कुणी म्हणेल, पुराणकारांनीही आपले श्लोक व्यासांच्या नावावर घातलेच की. घातले. म्हणून तर पुण्याच्या भांडारकर संस्थेत महाभारताची चिकित्सक आवृत्ती झाली. १९१९ ला काम सुरू झाले, १९६६ ला संपले. १२५९ हस्तलिखिते पाहिली गेली. वि. सी. सुकथनकरांनी १९२५ पासून त्याची धुरा वाहिली आणि १९४३ साली काम अर्धे असतानाच ते गेले. कोणता श्लोक जुना, कोणता मागाहून आलेला, हे ठरवण्यात माणसांची हयात गेली. संस्कृतीवर प्रेम म्हणतात ते हे. अंगठ्याने 'पुढे पाठवा' दाबायला किती वेळ लागतो?

आणि काळाबद्दल आपल्याकडे खरे काही नाही, असे थोडेच आहे! वैशेषिकांनी नऊ द्रव्यांत काळाला स्थान दिले. सूर्यसिद्धांताने दोन काळ मानले, एक सर्वांचा अंत करणारा आणि दुसरा मोजता येणारा. भर्तृहरीच्या 'वाक्यपदीया'त काळावर स्वतंत्र प्रकरण आहे. भागवतात रैवत राजा मुलीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो, तिथले गाणे संपेपर्यंत थांबतो, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटलेली असतात. त्याच्या मनातले सगळे वर नातवंडा-पतवंडांसकट काळाच्या पोटात गेलेले. किती सुंदर कथा आहे! तिला आइन्स्टाइनचे प्रमाणपत्र कशाला हवे? ती कथा म्हणूनच मोठी आहे. पण हे वाचायचे तर वेळ काढावा लागतो. बनावट ग्रंथ दोन ओळींत अभिमान देतो.

"पण यात कुणाचे नुकसान आहे?" असेही विचारले गेले. आहे. आमच्या नात्यातल्या आठवीतल्या मुलीने तो मजकूर शाळेच्या प्रकल्पासाठी उतरवून घेतला आहे. आणखी चार-पाच वर्षांनी तिला कळेल की असा ग्रंथच नव्हता. त्या दिवशी ती केवळ या श्लोकांवर अविश्वास दाखवणार नाही, आर्यभटही थापाच असेल असे म्हणेल. खोट्या नाण्यांची हीच गंमत असते, खरी नाणीही लोक दगडावर आपटून पाहू लागतात. शिवाय आता यंत्राला सांगितले की ते हवे तेवढे अनुष्टुभ पाडून देते. तेव्हा ही टांकसाळ बंद पडणार नाही, आपणच नाणे पारखायला शिकले पाहिजे.

समजा, त्या नियमांतला विचार चांगला आहे. झालेल्या गोष्टीत ढवळाढवळ करू नये, हे मलाही पटते. मग लिहिणाऱ्याने तो स्वतःच्या नावावर, आजच्या तारखेने का मांडू नये? चांगला विचार आज सुचला म्हणून हलका होत नाही. कचेरीत कागदावर मागची तारीख घातली तर त्याला आपण लबाडी म्हणतो. ग्रंथावर पाच हजार वर्षे मागची तारीख घातली की तो अभिमान कसा होतो? भूतकाळाला हात लावणे पाप, असे सांगणारा हा मजकूर स्वतः भूतकाळात घुसून तिथे नसलेली वस्तू ठेवून आला आहे. त्याने स्वतःचाच पहिला नियम मोडला!

आपल्या खऱ्या थोरांनी काय केले पाहा. आर्यभटाने कलियुगाची ३६०० वर्षे उलटली तेव्हा आपण तेवीस वर्षांचे होतो, असे ग्रंथातच सांगितले, म्हणून आपल्याला इ.स. ४९९ हे साल कळते. भास्कराचार्यांनी आपला जन्म शके १०३६ चा असल्याचे आणि छत्तिसाव्या वर्षी 'सिद्धांतशिरोमणी' रचल्याचे नोंदवले. ज्ञानेश्वरीच्या अखेरीस शके १२१२ आहे. यांच्यापैकी कुणालाही आपले काम जुने भासवायची गरज पडली नाही. त्यांनी आपापली खरी तारीख घातली आणि आपण नंतर जुने झाले.

तेव्हा मंडळी, पुढचा प्राचीन ग्रंथ ग्रुपवर येईल तेव्हा हात जोडण्याआधी एवढे विचारा, हस्तलिखित कुठे आहे? उत्तर आले तर मला जरूर कळवा. वाचायला मी स्वतः जाईन.