शिणलेले मन आणि मोकळी जमीन

मुंबईतील कारकुनाचा दिवस कचेरीत सुरू होत नाही. तो विरारच्या किंवा डोंबिवलीच्या फलाटावर सुरू होतो. गर्दीच्या वेळी उपनगरी गाडीत एका चौरस मीटरमध्ये १४ ते १६ उतारू उभे असतात. या प्रवासात जाणारा वेळ मोजता येतो. त्यात खर्ची पडणारे अवधान मात्र कोणत्याही ताळेबंदात दिसत नाही. पाय कोठे टेकवावा, दाराकडे केव्हा सरकावे, खिसा शाबूत आहे की नाही, या चिंतेतच कामासाठी राखावयाची शक्ती वाटेत संपते.

मिशिगन विद्यापीठातील रेचेल व स्टीफन कॅप्लान यांनी १९८९ साली या शिणाची मीमांसा मांडली. प्रयत्नपूर्वक एकाग्र केलेले लक्ष थकते. झाडे, पाणी, सरकणारे ढग यांत ते विनासायास गुंतते आणि त्याला विसावा मिळतो. त्याच विद्यापीठातील २००८ सालच्या प्रयोगात वृक्षोद्यानातून सुमारे तासभर चालून आलेल्यांना अंक उलट क्रमाने सांगणे अधिक चांगले जमले. वर्दळीच्या रस्त्यावरून चालून आलेल्यांच्या बाबतीत तसे घडले नाही. कडाक्याच्या थंडीत, चालण्याचा आनंद फारसा नसतानाही, हा लाभ टिकला. म्हणजे हा केवळ हौसेचा प्रश्न नव्हे. त्याआधी १९८४ साली रॉजर उलरिच यांनी पेनसिल्व्हानियातील एका रुग्णालयाच्या नोंदी तपासल्या होत्या. खिडकीतून झाडे दिसणारे रुग्ण विटांची भिंत दिसणाऱ्यांपेक्षा लवकर घरी गेले आणि त्यांना तीव्र वेदनाशामके कमी लागली. दोन्ही गटांत रुग्ण केवळ २३-२३ होते, हे खरे. तरीही खाटेचा एक दिवस वाचणे म्हणजे काय, हे कोणत्याही सरकारी रुग्णालयाच्या अधीक्षकास विचारावे.

मग ही झाडे कोणाच्या वाट्याला येतात? केंद्राच्या २०१४ सालच्या नगरनियोजन मार्गदर्शिकेत दरडोई १० ते १२ चौरस मीटर मोकळी जागा अपेक्षिली आहे. मुंबईच्या २०३४पर्यंतच्या विकास आराखड्याचे उद्दिष्ट सुमारे ४ चौरस मीटरांचे आहे. आकांक्षाच एवढी आखूड! बोरिवलीचे राष्ट्रीय उद्यान शंभर चौरस किलोमीटरांहून मोठे आहे, परंतु गोवंडीच्या रहिवाशाला कामावरून परतल्यावर तेथे जाता येत नाही. शीण रोजचा असतो, विसावाही रोजचाच हवा. ज्याला परवडते तो लोणावळ्यात बंगला घेतो. बाकीचे रविवारी घाटातील वाहनांच्या रांगेत आणखी थकून येतात.

आरेचा वाद या दृष्टीने पुन्हा पाहण्याजोगा आहे. ऑक्टोबर २०१९ मध्ये मेट्रोच्या आगारासाठी तेथील दोन हजारांहून अधिक झाडे तोडली गेली आणि ७ ऑक्टोबरला सर्वोच्च न्यायालयाने पुढील तोडीस मनाई केली. मेट्रो हवीच, तिच्यामुळे त्याच कारकुनाची ओढाताण कमी होणार होती. २०२४च्या ऑक्टोबरात या मार्गाचा पहिला टप्पा सुरूही झाला. परंतु दोन्ही लाभांचे मोजमाप सारखे झाले नाही. प्रवासात वाचणाऱ्या मिनिटांना रुपयांत किंमत मिळाली; झाडांची मात्र नुसती मोजदाद झाली आणि बदल्यात अन्यत्र रोपे लावल्याचे सांगण्यात आले. दूर लावलेले रोप त्या झाडांच्या सावलीतून रोज ये-जा करणाऱ्याच्या काय उपयोगाचे, हा रकाना त्या हिशेबात नव्हताच.