फ्लेमिंगो आले, तळं क्रॉप झालं

नेरूळच्या डीपीएस तळ्यावर मोसमातल्या एखाद्या रविवारी सकाळी या. काठावर माणसं कमी, उचललेले फोन जास्त दिसतात. त्यात माझाही असतो.

‘ही पिढी जगतच नाही, नुसते फोटो काढते’ हे मोठ्यांचं रडगाणं मला मान्य नाही. त्यांच्याकडे ३६ फोटोंचा रोल होता आणि तो धुवायला पैसे पडायचे. फुकट असतं तर तेही थांबले नसते. माझी तक्रार वेगळी आहे. आपण इतके फोटो काढतो आणि त्यांत काहीच नोंदवत नाही.

२०२४चा उन्हाळा आठवा. भरतीचं पाणी आत येण्याच्या वाटा बंद झाल्या, तळं आटत गेलं, फ्लेमिंगो मेले. त्या एप्रिलमधले माझ्याकडे साठेक फोटो आहेत. एकातही सुकलेला काठ नाही. चिखल घाण दिसतो म्हणून मी तो कापला, गुलाबी रंग थोडा चढवला, वर गाणं टाकलं. लाइक्स बरे आले.

आता धंद्यातली गोष्ट सांगतो. फोन प्रत्येक फोटोच्या फाइलमध्ये तारीख-वेळ लिहितो, लोकेशन चालू असेल तर अक्षांश-रेखांशही. म्हणजे तळं कसं आटलं, याची रोजची नोंद शेकडो खिशांत आपोआप होत होती. व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा फोटो पाठवला की ही माहिती गळते (घराचा पत्ता लपवायला ते बरंच आहे). डॉक्युमेंट म्हणून पाठवला तर टिकते. मला हे माहीत होतं. तरी मी रीलच केली.

तळ्यासाठी भांडणारे लोक मात्र कोरडी जमीन दाखवत राहिले. २०२५मध्ये राज्य वन्यजीव मंडळाने या तळ्याला संवर्धन राखीव क्षेत्र म्हणून मंजुरी दिली. त्या दिवशी माझ्या फीडवर पुन्हा तेच गुलाबी फोटो फिरले, स्टोरीत हार्ट टाकून. मीही टाकलं.

‘फ्लेमिंगो सिटी’ म्हणवणाऱ्या शहरात रंगवलेले पक्षी पुष्कळ आहेत, त्यांच्यासोबत खुशाल सेल्फी काढा. पण तुमच्या गॅलरीत त्या एप्रिलचे फोटो असतील, तर एडिट उघडा. क्रॉप केलेल्या फोटोचं मूळ बरेच फोन जपून ठेवतात. रिव्हर्ट दाबा आणि खालची कड बघा. माझ्या साठांपैकी एकवीस फोटोंत भेगा पडलेला चिखल आहे.