मोडशी, पेज आणि पाणी

पटकीच्या जागतिक साथींची गणना १८१७ सालच्या बंगालमधील साथीपासून होते. परंतु त्याआधी पावणेतीनशे वर्षे, १५४३ साली, गोव्यात तशाच एका रोगाने हाहाकार माजविला होता. त्या काळी गोव्यात वैद्यकी करणाऱ्या गार्सिया द ओर्ता या पोर्तुगीज वैद्याने या रोगाचे वर्णन १५६३ साली तेथेच छापलेल्या आपल्या ग्रंथात करून ठेवले आहे. बुडालेली नाडी, थंड घाम, खोल गेलेले डोळे, न शमणारी तहान, पायांत येणारे वांब: आजच्या डॉक्टरलाही हे वर्णन परके वाटणार नाही.

ओर्ताचे मोठेपण केवळ निरीक्षणात नव्हते. ग्रीक आचार्यांचा शब्द प्रमाण मानण्याच्या त्या युगात त्याने रोगाचे येथलेच ‘मोडशी’ हे नाव नोंदविले आणि येथल्या वैद्यांचे उपचारही लिहून ठेवले. ते वैद्य रोग्याच्या पायांना डाग देत, हे खरे. पण मिरी-जिरे घातलेली तांदळाची पेजही पाजत.

या पेजेचे मर्म कळण्यास चार शतके लागली. पटकीचा रोगी दगावतो तो शरीरातील पाणी व क्षार वाहून गेल्यामुळे. १९७१ साली बनगाव येथील बांगलादेशी निर्वासितांच्या छावणीत सलाइन अपुरे पडले, तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ, ग्लुकोज व खाण्याचा सोडा घातलेले पाणी रोग्यांना पाजले. मृत्यूचे प्रमाण शेकडा ३० वरून चारच्याही खाली आले.

मात्र पेज रोग्याला वाचविते. रोग रोखते ते शुद्ध पाणीच. लंडनमध्ये डॉ. जॉन स्नो यांनी १८५४ साली हेच दाखविले. फाळणीनंतर कल्याणच्या लष्करी छावणीतील निर्वासितांच्या वस्तीतून १९४९ साली नामकरण झालेल्या उल्हासनगरला तरी हे निराळे सांगावयास नको. ज्या उल्हास नदीचे पाणी बदलापूर, अंबरनाथ व उल्हासनगरचे नागरिक पितात, तिच्यात सांडपाणी सोडणे आणि प्राचीन शिवमंदिराजवळून वाहणाऱ्या वालधुनीचा नाला होऊ देणे, हा केवळ सौंदर्याचा प्रश्न नव्हे. जलवाहिनी गटाराला लागून जाते तेथे एक फट पुरेशी असते. घरोघरच्या नळाच्या पाण्याची नियमित तपासणी व्हावी आणि तिचे निष्कर्ष नागरिकांसमोर ठेवले जावेत, एवढी मागणी अवाजवी नाही. रोगाचे कारण ठाऊक नसताना ओर्ताने आपले कर्तव्य केले. ते ठाऊक असणाऱ्यांना सबब उरत नाही.