यादी कच्ची आहे तोवर
या आठवड्यात गावच्या विकास सोसायटीच्या फळ्यावर प्रारूप मतदार यादी लागली. तिच्यापुढे एक आजी ओळीवरून बोट फिरवत वारस म्हणून आपलं नाव शोधत होत्या. नाव नव्हतं, नवरा मात्र अजून मतदार होता, जाऊन चार पावसाळे झाले तरी. मंडळी, सोसायटीची निवडणूक मतदानाच्या दिवशी नव्हे, या कागदावरच ठरते. १९६०च्या महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याने केवढी मोठी गोष्ट दिली: शेअर एक असो की शंभर, मत एकच. २०१३च्या दुरुस्तीने निवडणुका राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाकडे गेल्या, हेही चांगलंच झालं. पण यादीत नावच नसेल तर त्या एका मताचं करायचं काय? निकालानंतर दोन महिन्यांत सहकार न्यायालयात दावा लावता येतो, खरं. मात्र तारखांवर तारखा पडतात आणि संचालकांची पाच वर्षं आरामात सरतात. म्हणून हरकत घ्यायची ती आत्ता, यादी कच्ची असताना, आणि लेखी, पोच घेऊन. वारसनोंद ही गटसचिवाची मेहेरबानी नव्हे, ते त्याचं काम आहे. अर्ज कसा करायचा हे त्यानेच घरी जाऊन सांगावं. गावात झालेल्या मृत्यूची नोंद ग्रामपंचायतीत असते. दर मार्चअखेर दोन्हीकडची रजिस्टरं एका टेबलावर उघडली, तर मयत सभासद शोधणं एका दुपारचं काम आहे.